खटला चालवायचा, तर कारण लिहा

ऑक्टोबर २००८ मध्ये रेल्वे भरतीच्या परीक्षेला आलेल्या उत्तर भारतीय उमेदवारांना मुंबई परिसरात मारहाण झाली आणि त्या प्रकरणात महाराष्ट्र नवनिर्माण सेनेचे अध्यक्ष राज ठाकरे यांना रत्नागिरीत अटक झाली. तिचे पडसाद राज्यभर उमटले. सांगली जिल्ह्यात शिराळा तालुक्यातल्या शेडगेवाडीला कार्यकर्त्यांनी बंद पाळायला लावला आणि गुन्हा नोंदला गेला. आंदोलन ठाकरे यांच्या अटकेच्या निषेधाचे होते. ते स्वतः शिराळ्यात नव्हते. त्यांच्यावर ठपका होता चिथावणीचा. २०२२ मध्ये शिराळ्याच्या न्यायालयाने त्यांच्याविरुद्ध अजामीनपात्र वॉरंट काढले, तेव्हा कुठे हा खटला पुन्हा लोकांच्या नजरेत आला. आपल्याला या खटल्यातून वगळावे हा त्यांचा अर्ज पुढे इस्लामपूरच्या, म्हणजे आताच्या ईश्वरपूरच्या, सत्र न्यायालयापर्यंत गेला आणि त्या टप्प्यावर नामंजूर झाला.

नेता कोण आणि पक्ष कोणता, याला इथे महत्त्व नाही. त्या खटल्याची अखेर कशी होते, हाही या लेखाचा विषय नाही. अस्वस्थ करते ती गोष्ट वेगळी आहे. आरोपीविरुद्ध खटला चालवण्याइतका आधार पोलिसांच्या कागदांत आहे का, हा फौजदारी खटल्यातला अगदी पहिला प्रश्न. त्याचे उत्तर मिळायला इथे १४ वर्षे उलटून गेली. ज्याच्या दिमतीला नामांकित वकील आहेत आणि ज्याच्या हजेरीची बातमी होते, त्याच्या बाबतीत हे घडत असेल, तर अशाच बंदच्या, मोर्च्याच्या, गावातल्या गर्दी-मारामारीच्या गुन्ह्यांत यादीतले सतरावे नाव म्हणून लागलेल्या पोराचे काय होत असेल? माझे म्हणणे असे आहे की दोषमुक्ती नाकारण्याचा न्यायालयाचा अधिकार रास्त आहे, त्यासाठीची कसोटी सौम्य आहे तीही रास्त आहे. मात्र नाकारताना त्या त्या आरोपीपुरते कारण लिहिणे न्यायालयावर बंधनकारक झाले पाहिजे. आज ते तसे नाही, आणि ही उणीव कायद्याच्या शब्दांतच आहे.

दोषमुक्ती म्हणजे निर्दोष सुटका नव्हे. निर्दोष सुटका पुरावा नोंदवल्यानंतर, खटल्याच्या शेवटी होते आणि त्याच गुन्ह्यासाठी पुन्हा खटला भरता येत नाही. दोषमुक्ती होते ती आरोप निश्चित होण्याआधी. दोषारोपपत्र, साक्षीदारांचे जबाब, पंचनामे, वैद्यकीय अहवाल एवढेच समोर ठेवून न्यायाधीश पाहतात की हे सगळे खरे धरले तरी या माणसावर गुन्हा लागतो का. लागत नसेल तर तो सुटतो. उद्या नवा पुरावा पुढे आला तर त्याच्यावर पुन्हा कारवाई होऊ शकते. जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेत सत्र न्यायालयासाठी हे कलम २२७ होते, पोलिसांनी दाखल केलेल्या दंडाधिकाऱ्यांपुढच्या खटल्यांसाठी २३९. १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेत त्यांची जागा २५० आणि २६२ या कलमांनी घेतली.

या कलमांमागचा इतिहास फारसा सांगितला जात नाही, पण तो सांगितल्याशिवाय त्यांचे वजन कळत नाही. ब्रिटिशांच्या १८९८ च्या संहितेत खून, दरोडा यांसारखे खटले थेट सत्र न्यायालयात जात नसत. आधी दंडाधिकारी चौकशी करत, साक्षीदार तपासत आणि आधार दिसला तरच प्रकरण वर पाठवत. एकच साक्ष दोनदा होई, वेळ जाई, साक्षीदार दरम्यान फिरवले जात. विधी आयोगाने १९६९ च्या ४१ व्या अहवालात ही चौकशी काढून टाकण्याची शिफारस केली आणि १९७३ च्या संहितेने ती काढली. आता दंडाधिकारी सत्र खटल्याचे कागद तपासून वर पाठवतात, पुरावा जोखत नाहीत. ती गाळणी गेली तिच्या बदल्यात कलम २२७ आले. म्हणून दोषमुक्तीकडे आरोपीवर केलेली मेहेरबानी म्हणून पाहता येणार नाही. जी तपासणी पूर्वी खालच्या पायरीवर होई तिची आता उरलेली ही एकमेव जागा आहे. इथे कोणी नीट पाहिले नाही, तर पोलिसांच्या यादीत नाव येणे आणि वर्षानुवर्षे आरोपी म्हणून न्यायालयात उभे राहणे, यांच्या मध्ये एकाही न्यायाधीशाचे मत आडवे येत नाही.

आता कायद्याचे शब्द पाहू. आरोपीला दोषमुक्त करताना न्यायाधीशाने आपली कारणे नोंदवावीत, असे कलम २२७ आणि २३९ दोन्हींत स्पष्ट लिहिले होते. नव्या संहितेतही ते कायम आहे. आरोप निश्चित करायचे असतील तर मात्र आरोपीने गुन्हा केला असल्याचे गृहीत धरायला आधार आहे असे मत झाले की पुरे. ते मत का झाले, हे लिहिण्याची सक्ती नाही. म्हणजे सोडायचे तर कारण द्या, ठेवायचे तर नाही दिले तरी चालेल. सर्वोच्च न्यायालयाने २००० साली कांती भद्र शाह विरुद्ध पश्चिम बंगाल राज्य या निकालात हाच अर्थ पक्का केला. खालची न्यायालये कामाच्या ओझ्याखाली दबलेली आहेत, आरोपनिश्चितीच्या वेळी सविस्तर आदेश लिहायला लावले तर ती आणखी मंदावतील, ही त्यामागची काळजी होती. काळजी खरी आहे. पण तिचा परिणाम काय होतो, हे तालुक्याच्या न्यायालयात काम करणारा कोणताही वकील सांगेल. ज्या न्यायाधीशासमोर दिवसाचा बोर्ड ओसंडून वाहतो आहे, त्याच्यासाठी एक वाट कष्टाची आणि वरच्या न्यायालयात तपासली जाणारी, दुसरी एका ओळीची. दहापैकी नऊ आरोपींविरुद्ध भरपूर काही आहे आणि दहाव्याविरुद्ध काहीच नाही, अशा प्रकरणात ‘प्रथमदर्शनी पुरावा दिसतो, सबब अर्ज नामंजूर’ या वाक्याने दहाही जण एकाच दमात निकालात निघतात. यात कोणाचाही दुष्टावा नसतो. कायद्यानेच तशी सोय करून ठेवली आहे.

कसोटी सौम्य का असावी, हे समजायला सातारा-सांगलीबाहेर जायला नको. वाईजवळ धोम परिसरात २०१६ मध्ये उघडकीला आलेले हत्यासत्र घ्या. वर्षानुवर्षे माणसे बेपत्ता होत होती आणि पुरलेले मृतदेह नंतर उकरून काढावे लागले. त्यात एक सहआरोपी माफीचा साक्षीदार झाली. माफीच्या साक्षीदाराचे म्हणणे कितपत खरे, याचा निवाडा उलटतपासणीतच होतो. जबाबाचा कागद वाचून तो करायला कोणताही न्यायाधीश धजावणार नाही आणि धजावूही नये. किंवा मिरज तालुक्यातल्या म्हैसाळचे २०१७ चे प्रकरण घ्या. गर्भपातादरम्यान एका विवाहितेचा मृत्यू झाला, तपास सुरू झाला आणि गावाजवळ पुरलेले १९ भ्रूण सापडले. असल्या गुन्ह्यात जिचे नुकसान होते तीच बहुधा बोलू शकत नाही आणि जे सामील असतात ते बोलत नाहीत. नोंदवह्या, औषधांची बिले, फोनवरचे संपर्क यांतूनच चित्र उभे राहते. त्याच वर्षी नोव्हेंबरात सांगली शहर पोलीस ठाण्यात एका तरुणाचा कोठडीत मृत्यू झाला आणि मृतदेह आंबोलीत नेऊन जाळल्याच्या आरोपावरून पोलिसांनाच अटक झाली. जिथे संशयित खुद्द पोलीस आहेत, तिथे सुरुवातीलाच कडक पुराव्याचा आग्रह धरला तर मृताच्या घरच्यांना न्यायालयाची पायरी चढण्याचे कारणच उरणार नाही.

म्हणूनच सर्वोच्च न्यायालयाने १९७७ च्या रमेश सिंह प्रकरणात म्हटले की या टप्प्यावर प्रबळ संशयही पुरेसा आहे, आणि पुढच्याच वर्षी प्रफुल्ल कुमार सामल प्रकरणात त्याची दुसरी बाजू मांडली: कागदांवरून दोन निष्कर्ष सारखेच संभवत असतील आणि पुराव्यातून नुसता संशय येत असेल, गंभीर संशय येत नसेल, तर आरोपीला सोडले पाहिजे. आरोपीने आपल्या बचावाचे कागद या टप्प्यावर पुढे करायचे नाहीत, हेही २००४ च्या देबेंद्रनाथ पाढी निकालाने ठरले. गोव्यातल्या रुक्मिणी नार्वेकर प्रकरणात २००८ मध्ये त्याला फार थोड्या अपवादांची वाट ठेवली गेली. या चौकटीबद्दल माझी तक्रार नाही. मात्र संशय ‘गंभीर’ आहे की ‘नुसता’, हा फरक आहे असे एकदा मान्य केले, की तो कुठून कळला हे कोणीतरी सांगायला हवे. कारण न लिहिता हा फरक पाळला गेला की नाही, ते तपासणार कसे? २००२ मध्ये महाराष्ट्रातून गेलेल्या दिलावर बाळू कुराणे यांच्या अपिलात सर्वोच्च न्यायालयाने पुन्हा बजावले की न्यायाधीशाने सरकार पक्षाचे पोस्ट ऑफिस होऊन चालणार नाही, त्याने प्रकरणाची एकंदर शक्यता जोखायला हवी. एका ओळीच्या आदेशात ही जोखणी झाली की पाकीट नुसते पुढे ढकलले गेले, हे कोणालाही ओळखता येत नाही.

‘खटला चालू द्या, निर्दोष असेल तर सुटेलच’ हे वाक्य आपल्याकडे फार सहज म्हटले जाते. सातारा जिल्ह्यात ते म्हणताना तरी जपून म्हणावे. या जिल्ह्याला फौजेची परंपरा आहे; अपशिंगे गावाच्या नावातच ‘मिलिटरी’ आहे. पहाटे रस्त्याने धावणारी, भरतीच्या अकादमीत पैसे भरून तयारी करणारी मुले सातारा आणि सांगलीच्या प्रत्येक तालुक्यात आहेत. अग्निवीर म्हणून जायचे तर वयाची मर्यादा विशीच्या सुरुवातीचीच, राज्याच्या पोलीस भरतीत खुल्या प्रवर्गाला २८. दोन्हीकडे चारित्र्य पडताळणी आहे आणि प्रलंबित गुन्हा लपवला तर निवड झालेली नोकरीही जाते. एकोणीस वर्षांच्या मुलाचे नाव यात्रेतल्या भांडणाच्या फिर्यादीत ‘आणि त्याच्यासोबत’ या शब्दांनंतर आले, त्याच्या हातात काठी होती की तो फक्त तिथे होता हे एकाही जबाबात नाही, आणि त्याचा दोषमुक्तीचा अर्ज कारणाविना नामंजूर झाला, तर तो बाराव्या वर्षी सुटला काय आणि न सुटला काय? शिक्षा भोगून झालेली असते. पासपोर्ट अडतो, बाहेरगावची नोकरी तारखांनी जाते, जमिनीच्या वादात समोरचा ‘फौजदारीतला माणूस’ म्हणून बोट दाखवतो. राजकीय कार्यकर्त्याला खटला अंगावर असल्याचा थोडा तरी मान मिळतो. या मुलाला काही मिळत नाही.

बेकायदा जमावाच्या कलमांमुळे हा प्रश्न आपल्या भागात अधिक टोकदार होतो. समान उद्देशाने जमलेल्या गर्दीतल्या एकाने केलेले कृत्य सगळ्यांचे धरले जाते. हे तत्त्व आवश्यक आहे, नाहीतर जमावाने केलेल्या हत्येला कोणीच जबाबदार राहणार नाही. पण गर्दीत असणे आणि गर्दीच्या उद्देशात सामील असणे या दोन गोष्टी आहेत. ऊसदराच्या आंदोलनांत रस्ते अडवले गेले, गाड्या फुटल्या. नोव्हेंबर २०१२ मध्ये वसगडे इथे पोलीस गोळीबारात एका आंदोलकाचा बळीही गेला. अशा दिवसांत दाखल होणाऱ्या गुन्ह्यांत काही नावे आणि मग ‘इतर शंभर ते दीडशे’ असा मजकूर असतो. त्या ‘इतर’ मधून पुढे कोणाची नावे निघतात, कशी निघतात, हे आरोपनिश्चितीच्या वेळी विचारले नाही तर ते कधीच विचारले जात नाही.

प्रत्येक आरोपीकडे स्वतंत्रपणे पाहणे अशक्य नाही, याचा पुरावा राज्यातल्या सर्वांत मोठ्या खटल्यातच आहे. १९९३ च्या मुंबई बॉम्बस्फोट खटल्यात शंभराहून अधिक आरोपी होते. त्यातल्या काहींची प्रकरणे आरोपनिश्चितीच्या टप्प्यावर सर्वोच्च न्यायालयात गेली आणि १९९६ मध्ये महाराष्ट्र राज्य विरुद्ध सोमनाथ थापा हा निकाल आला. आरोपीने गुन्हा केला असावा असे वाटण्याजोगे असेल तर आरोप ठेवता येतो, ही सौम्य कसोटी याच निकालात सांगितली आहे. तिच्या आधारे सीमाशुल्क अधिकारी थापा यांना खटल्याला सामोरे जावे लागले आणि पुढे विशेष न्यायालयाने त्यांना दोषी धरून जन्मठेप दिली. त्याच निकालात, त्याच कसोटीवर, अबू असीम आझमी यांच्याविरुद्धची सामग्री अपुरी ठरली आणि ते खटल्यातून मुक्त झाले. देशाला हादरवणाऱ्या कटाच्या खटल्यात एकेका माणसाची भूमिका वेगळी काढून पाहता येते, तर विट्याच्या किंवा वडूजच्या मारामारीत का येऊ नये?

मालेगावची दोन प्रकरणे शेजारी ठेवली की या टप्प्याचे गांभीर्य आणखी कळते. २००६ च्या स्फोटांत नऊ मुस्लिम तरुण आरोपी झाले. पुढे राष्ट्रीय तपास यंत्रणेने वेगळ्याच गटाकडे बोट दाखवले आणि एप्रिल २०१६ मध्ये विशेष न्यायालयाने हयात असलेल्या आठ जणांना दोषमुक्त केले. एकाचा त्याआधीच मृत्यू झाला होता. दोषमुक्तीची तरतूद नेमकी कशासाठी आहे, याचे याहून स्पष्ट उदाहरण शोधावे लागणार नाही. तरीही तिला जवळजवळ दहा वर्षे लागली. दुसरीकडे २००८ च्या स्फोटात तपास यंत्रणेने काही आरोपींविरुद्ध पुरेसा पुरावा नसल्याचे म्हटले असतानाही विशेष न्यायालयाने डिसेंबर २०१७ मध्ये प्रज्ञासिंह ठाकूर, प्रसाद पुरोहित आणि इतरांना खटल्यातून वगळायला नकार दिला, त्याच आदेशात काहींना पूर्ण सोडले आणि मोक्का कायद्याची कलमे गाळली. ३१ जुलै २०२५ रोजी खटल्याला सामोरे गेलेले सातही जण निर्दोष सुटले. काही जण यावरून म्हणतील की नकारच चुकीचा होता. मला तसे वाटत नाही. शेवटी सुटका झाली म्हणून सुरुवातीचा नकार आपोआप चुकीचा ठरत नाही. दोन टप्प्यांच्या कसोट्या वेगळ्या आहेत, मधल्या काळात साक्षीदार फितूर होतात, काही मरतात. पण तो नकार बरोबर होता की चूक, यावर आपण आज वाद घालू शकतो, कारण कोणाला का ठेवले आणि कोणाला का सोडले हे त्या आदेशात आहे.

आता आक्षेप. पहिला असा की कारणे लिहायला लावली तर खटल्याआधी छोटा खटलाच उभा राहील. तो राहू नये, ही अपेक्षा बरोबर आहे. म्हणून कारण म्हणजे निकालपत्र नव्हे. या आरोपीवर नेमके कोणते कृत्य आरोपिले आहे, ते कोणत्या साक्षीदाराच्या जबाबात किंवा कोणत्या कागदात आहे, आणि ते खरे धरले तर कोणते कलम लागते, एवढेच. एका आरोपीसाठी चार-पाच ओळी. ज्या न्यायाधीशाने दोषारोपपत्र वाचले आहे त्याला त्या लिहायला वेळ लागत नाही, आणि ज्याला लिहिता येत नाहीत त्याने ते वाचलेले नाही किंवा त्यात लिहिण्याजोगे काही नाही. दोन्ही गोष्टी उघड होणे लोकहिताचे आहे.

दुसरा आक्षेप अधिक वजनदार आहे आणि तो बहुधा आरोपीच्या बाजूचेच वकील घेतात. न्यायाधीशाने सुरुवातीलाच आरोपीविरुद्ध पानभर लिहून ठेवले तर त्याचे मन बनून जाईल, पुढे तोच खटला चालवणार आहे. ही भीती निराधार नाही. आदेशात ‘आरोपीचा सहभाग स्पष्ट दिसतो’ यांसारखी वाक्ये आली की ती पुढे चिकटून राहतात. पण धोका कागद दाखवण्यात नाही, कागदाच्या खरेपणावर शेरा मारण्यात आहे. अमुक साक्षीदाराने आरोपीला कुऱ्हाड घेऊन पाहिल्याचे जबाबात म्हटले आहे, असे नोंदवणे वेगळे. त्या साक्षीदारावर अविश्वास ठेवण्याचे कारण दिसत नाही, असे म्हणणे वेगळे. पहिले लिहावे, दुसरे टाळावे. ही शिस्त प्रशिक्षणाने येते, आणि जामिनाच्या आदेशांत आपले न्यायाधीश ती रोज पाळतात.

तिसरा आक्षेप फिर्यादीच्या, पीडितांच्या बाजूचा. पैसेवाला आरोपी दोषमुक्तीचा अर्ज करतो, तो फेटाळला की वर जातो, तिथे स्थगिती मिळवतो, आणि पाच वर्षे साक्षीदार घरी बसून राहतात. हे खरे आहे, आणि या त्रासाबद्दल मला आरोपीइतकीच पीडितांची काळजी वाटते. मात्र कारण नसलेला आदेश पीडितांचा बचाव करत नाही. तो त्यांना उघडा पाडतो. वरच्या न्यायालयासमोर कोरा आदेश गेला की त्याला दोनच मार्ग उरतात: सगळे दोषारोपपत्र नव्याने वाचणे, किंवा फेरविचारासाठी प्रकरण खाली पाठवणे. दोन्हींत वर्षे जातात आणि दोन्ही आरोपीला सोयीचे. उलट खालच्या आदेशात जबाब आणि कागद यांचा नेमका उल्लेख असेल तर वरचे न्यायालय पहिल्याच तारखेला तो वाचून अर्ज निकालात काढू शकते. कोठडी मृत्यूसारख्या प्रकरणात मृताच्या घरच्यांसाठी यापेक्षा भक्कम आधार दुसरा नाही.

या ठिकाणी कोल्हापूरचा विषय येतो. दोषमुक्ती नाकारण्याचा किंवा आरोप निश्चित करण्याचा आदेश हा निव्वळ मधला, किरकोळ आदेश मानून उच्च न्यायालयाची दारे बंद करता येत नाहीत, हे मधू लिमये यांच्या १९७७ च्या प्रकरणापासून ठरत आले. महाराष्ट्राचे तेव्हाचे कायदामंत्री अंतुले यांच्यावरील टीकेतून तो बदनामीचा खटला उभा राहिला होता. २०२१ मध्ये संजय कुमार राय निकालात सर्वोच्च न्यायालयाने तेच पुन्हा सांगितले. हक्क कागदावर होता, पण माण किंवा जत तालुक्यातल्या माणसासाठी तो मुंबईत होता. वकिलाची फी, मुक्काम, प्रवास यांचा हिशेब केला की बहुतेक जण खालचा आदेश गिळून तारखांना जात राहत. १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूर, सातारा, सांगली, सोलापूर, रत्नागिरी आणि सिंधुदुर्ग या सहा जिल्ह्यांसाठी मुंबई उच्च न्यायालयाचे कोल्हापूर सर्किट बेंच सुरू झाले. त्यासाठी इथल्या वकिलांनी आणि पक्षकारांनी अनेक दशके लढा दिला. आता सांगलीचा माणूस सकाळी निघून संध्याकाळी घरी परत येऊ शकतो. दोषमुक्तीच्या नकाराविरुद्धचे अर्ज वाढणार, हे उघड आहे. कोल्हापूरच्या पीठाने सुरुवातीलाच एखाद्या योग्य प्रकरणात खालच्या न्यायालयांसाठी मार्गदर्शक नमुना घालून दिला, तर सहा जिल्ह्यांत एकसारखी पद्धत रुजेल. कांती भद्र शाह निकाल कारणे लिहिण्याची सक्ती नाही एवढेच म्हणतो. लिहिण्याला तो मनाई करत नाही. दूरच्या संसदीय दुरुस्तीची वाट न पाहता हे करता येण्याजोगे आहे.

राजकीय खटल्यांबाबत आणखी एक गोष्ट स्पष्ट सांगायला हवी. राज्यात सरकारे बदलली की आंदोलनांतले गुन्हे मागे घेण्याचे निर्णय होतात. शासन ठरवते, सरकारी वकील न्यायालयात अर्ज देतो आणि न्यायालयाच्या संमतीने खटला संपतो. आमदार-खासदारांवरील खटले उच्च न्यायालयाच्या परवानगीशिवाय मागे घेऊ नयेत, असे सर्वोच्च न्यायालयाने ऑगस्ट २०२१ मध्ये बजावले, ते योग्यच झाले. मात्र मूळ प्रश्न शिल्लक राहतो. ज्याच्याविरुद्ध काही नाही तो मंत्रिमंडळाच्या निर्णयाने सुटू नये. न्यायालयाने कागद पाहून, कारण लिहून त्याला सोडावे. आणि ज्याच्याविरुद्ध काही आहे तो पक्ष सत्तेवर आला म्हणून सुटू नये. दोषमुक्तीचा टप्पा वेळेवर आणि गांभीर्याने पार पडला, तर सामूहिक माफीच्या या वाटेची गरजच पुष्कळ कमी होईल.

वेळेबद्दल नव्या संहितेने पाऊल उचलले आहे. सत्र खटल्यात प्रकरण वर पाठवल्यापासून ६० दिवसांत, दंडाधिकाऱ्यांपुढे नकला मिळाल्यापासून ६० दिवसांत आरोपीला दोषमुक्तीचा अर्ज करता येतो. आरोपाबाबतच्या पहिल्या सुनावणीपासून ६० दिवसांत आरोप निश्चित करायचे आहेत. शिराळ्यासारखी १४ वर्षे पुन्हा लागू नयेत, हा हेतू चांगला आहे. पण या मुदतीची धार कोणाला लागेल, याचा विचार व्हायला हवा. ज्याचा वकील आधीपासून उभा आहे, त्याला ६० दिवस पुष्कळ झाले. जो साताऱ्याच्या किंवा सांगलीच्या तुरुंगात आहे, ज्याला विधी सेवा प्राधिकरणाचा वकील दोन महिन्यांनी पहिल्यांदा भेटतो आणि ज्याने आपले दोषारोपपत्र अजून वाचलेले नाही, त्याच्यासाठी मुदत सुरू होते आणि संपतेही. अर्ज आला नाही म्हणून न्यायाधीशाचे काम संपत नाही. कलम २५० चे दुसरे पोटकलम आधार नसेल तर आरोपीला सोडण्याचे कर्तव्य न्यायाधीशावरच टाकते, मग अर्ज असो वा नसो. कोल्हापूरच्या पीठापुढे हा प्रश्न येईल तेव्हा अर्जाची मुदत आरोपीला प्रत्यक्ष वकील मिळाला त्या दिवसापासून मोजावी, आणि अर्जच नसेल तरी त्या आरोपीपुरत्या चार ओळी आदेशात असाव्यात, एवढे तरी पीठाने ठरवून द्यावे.